जमिनीचा निकाल लागला, सातबारा मात्र तसाच: कोर्टाच्या हुकमाची अंमलबजावणी कशी करून घ्यावी

दोन वर्षांपूर्वी पावसाळ्यात सीनाकाठच्या एका गावातून एक मावशी माझ्याकडे आल्या. खताच्या रिकाम्या पिशवीत गुंडाळलेला हुकूमनामा, म्हणजे कोर्टाची डिक्री, त्यांनी टेबलावर ठेवला. वाटपाचा दावा, समोर सख्खा दीर, आणि निकाल मावशींच्या बाजूने. निकालाला चौदा महिने होऊन गेले होते. एवढ्या महिन्यांत तहसीलला किती हेलपाटे झाले, याचा हिशेब त्या एसटीच्या भाड्यावरून सांगत होत्या. प्रत्येक वेळी एक झेरॉक्स द्यायची, "बघतो" ऐकायचं आणि परत फिरायचं.

मी विचारलं, "मावशी, पोच कुठाय?"

"पोच कशाची? रावसाहेबांनी हातात घेतला की कागुद."

सोलापूर जिल्ह्याच्या अकरा तालुक्यांत अशी माणसं पावलोपावली भेटतात. खटला जिंकायला पंधरा-पंधरा वर्षं घातलेली असतात, आणि निकालानंतरचं काम आपोआप होईल असं धरून ती बसून राहतात. ते आपोआप होत नाही. कोर्टाचा हुकूम पाळणं अधिकाऱ्यावर बंधनकारक आहे, यात शंका नाही. पण तो हुकूम अमुक तारखेला, अमुक टेबलावर पोहोचला आणि अधिकाऱ्याला कळला, हे कागदावर दाखवता आलं पाहिजे. पुढची प्रत्येक पायरी याच एका गोष्टीवर उभी आहे.

बंधन कुठून येतं

"आम्ही महसूलवाले, आमचा कायदा वेगळा," असं उत्तर बऱ्याच जणांनी ऐकलेलं असतं. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हा कायदा वेगळा आहेच. पण मालकी कोणाची, हिस्सा किती, हे ठरवायचा अधिकार दिवाणी न्यायालयाचा. सातबारा आणि फेरफार या महसुली नोंदी. संहितेच्या कलम १५७ प्रमाणे त्या उलट सिद्ध होईपर्यंत खऱ्या मानल्या जातात, इतकंच. दिवाणी कोर्टाने मालकी ठरवली की नोंद हुकूमनाम्याच्या मागे जाते. नोंद पाहून हुकूमनामा बदलत नाही.

सरकारही यातून सुटत नाही. बिहारच्या राणी सोनाबती कुमारी यांच्या जमीनदारीच्या प्रकरणात १९६० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मनाई हुकूम राज्य सरकारलाही तितकाच लागू होतो, आणि हुकमाचा अर्थ आपल्या सोयीने लावून तो मोडता येत नाही. अलीकडचं उदाहरण मे २०२५ चं आहे. आंध्र प्रदेशात गुंटूर जिल्ह्यातल्या एका तहसीलदारांनी उच्च न्यायालयाचा आदेश असताना लोकांच्या झोपड्या पाडल्या. पुढे ते डेप्युटी कलेक्टर झाले. सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पुन्हा तहसीलदार पदावर उतरवलं आणि एक लाख रुपये दंड केला. हा निकाल महाराष्ट्रातल्या प्रत्येक महसूल कचेरीत माहीत असायला हवा, असं मला मनापासून वाटतं.

आदेश चुकीचा वाटला तर अधिकाऱ्याने वरच्या कोर्टात जावं, किंवा ज्या कोर्टाने तो दिला त्याच्याकडे खुलासा मागावा. फाइल दाबून बसणं हा तिसरा मार्ग कायद्यात नाही.

आधी आपला कागद नीट वाचा

कचेरीकडे बोट दाखवण्याआधी आपल्या हातात काय आहे ते पाहा. निम्मी प्रकरणं इथेच अडकलेली सापडतात.

न्यायालयाच्या नक्कल विभागातून सही-शिक्क्याची नक्कल काढा, निकालपत्राची वेगळी आणि हुकूमनाम्याची वेगळी. एकदम तीन-चार संच घ्या. नकलेवर अर्जाची तारीख, नक्कल तयार झाल्याची तारीख आणि दिल्याची तारीख असते. तो शिक्का फाटू देऊ नका. अपिलाची मुदत मोजताना नक्कल मिळायला लागलेले दिवस वगळले जातात, म्हणून त्या तारखांना किंमत आहे. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावरून छापलेली प्रत माहितीसाठी ठीक, कचेरीत ती पुरत नाही.

मग हुकूमनाम्यातलं मिळकतीचं वर्णन आजच्या सातबाऱ्याशी ताडून पाहा. आपल्या भागात हे फार नडतं. दावा पंचवीस-तीस वर्षांपूर्वीचा असतो, वर्णन त्याहून जुन्या उताऱ्यावरून घेतलेलं असतं आणि त्यात सर्व्हे नंबर असतो. दरम्यान एकत्रीकरण (विखुरलेले तुकडे एकत्र करणं) होऊन गट नंबर पडलेले असतात. हुकूमनाम्यात एकर-गुंठे, सातबाऱ्यावर हेक्टर-आर. एक हेक्टर म्हणजे जवळजवळ दोन एकर एकोणीस गुंठे, पण आकड्यात दोन-चार गुंठ्यांचा फरक दिसला की सर्कलसाहेबांची (मंडळ अधिकाऱ्यांची) लेखणी थांबते. त्यांचं थांबणं दर वेळी वाईट हेतूने नसतं, हेही मी सांगून ठेवतो. चुकीच्या गटावर नोंद लावली तर चौकशी त्यांच्यामागे लागते.

यावर उपाय आहे. भूमी अभिलेख उपअधीक्षकांच्या कचेरीतून जुन्या-नव्या नंबरांचा मेळ दाखवणारा एकत्रीकरणाचा उतारा काढा. फरक लेखनातल्या चुकीचा असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५२ खाली त्याच कोर्टात दुरुस्तीचा अर्ज द्या. ही दुरुस्ती कधीही मागता येते. ती होण्याआधी तहसीलला चकरा मारणं म्हणजे खिळलेल्या चाकाला दोर बांधून ओढणं.

तिसरी गोष्ट, हुकूमनामा कोणत्या प्रकारचा आहे? मालकी ठरवणारा, वाटपाचा, ताब्याचा की नुसत्या मनाईचा? मनाई हुकमावर मालकाच्या रकान्यातलं नाव बदलत नाही. वाटपाच्या प्राथमिक हुकूमनाम्यात हिस्से ठरतात, पण शेताचा कोणता तुकडा कोणाचा हे त्यात नसतं. जे कोर्टाने दिलंच नाही ते तलाठ्याकडे मागितलं, तर नकार बरोबरच असतो.

"अपील पडलंय" या उत्तराचं काय करायचं

हरलेला पक्ष अपिलाची पावती घेऊन तलाठ्याकडे जातो आणि काम थांबतं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम ५ मध्ये हे स्पष्ट आहे: नुसतं अपील दाखल केल्याने हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही. स्थगितीचा लेखी आदेश दाखवला तरच थांबायचं. हा नियम अर्जात नंबरासह लिहा.

त्याच वेळी आपल्याकडून एक दार बंद करून ठेवा. निकाल लागला की ज्या कोर्टात अपील जाऊ शकतं तिथे कलम १४८ अ खाली कॅव्हेट दाखल करा. मग तुम्हाला न ऐकता स्थगिती सहसा निघत नाही. कॅव्हेट ९० दिवस चालतं. संपायच्या आधी नवं टाका. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस आणि उच्च न्यायालयात ९० दिवस असते, पण उशीर माफ करून घेऊन अपील येतं, म्हणून पहिल्या ९० दिवसांवर विसंबू नका.

आणि स्थगिती खरोखर असेल, तर ती पाळा. "सहा महिन्यांनी स्थगिती आपोआप उठते" असं अजूनही चावडीवर सांगितलं जातं. तो नियम सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी फेब्रुवारी २०२४ मध्ये रद्द केला आहे.

अर्ज, आणि अर्जाची पोच

मालकी ठरवणाऱ्या हुकूमनाम्यावर फेरफार हवा असेल तर सुरुवात तलाठ्याकडे. हल्ली पदाचं नाव ग्राम महसूल अधिकारी आहे, पण गावात अजून तलाठी भाऊसाहेबच म्हणतात. महसूल संहितेच्या कलम १४९ प्रमाणे हक्क मिळाल्यापासून तीन महिन्यांत तो कळवायचा असतो. त्याच कलमात पुढे असं आहे की तलाठ्याने अशा कळवण्याची लेखी पोच लगेच द्यायची. ही ओळ फार थोड्यांना ठाऊक असते. पोच मागताना आवाज चढवायची गरज नाही; कलमाचा नंबर सांगितला की पुरे.

अर्ज एका पानाचा असावा. वर दाव्याचा नंबर, कोर्टाचं नाव, निकालाची तारीख. मग गट नंबर, क्षेत्र, कोणाचं नाव कमी करायचं आणि कोणाचं लावायचं. मग एक वाक्य: "सदर हुकूमनाम्यास आजतागायत कोणत्याही वरिष्ठ न्यायालयाची स्थगिती नाही." सोबत सही-शिक्क्याची नक्कल. कौटुंबिक वादाची कहाणी त्यात घालू नका. ती कोर्टात सांगून झालेली आहे.

दोन प्रती न्या. आपल्या प्रतीवर आवक शिक्का, आवक नंबर, तारीख आणि घेणाऱ्याची सही घ्या. शिक्का मारायला टाळाटाळ झाली तर तिथे भांडत बसू नका, टपाल कचेरी गाठा. नोंदणीसह स्पीड पोस्टाने एक प्रत तलाठ्यांना, एक मंडळ अधिकाऱ्यांना, एक तहसीलदारांना पाठवा आणि पावत्या त्याच प्रतीला टाचा.

अर्ज गेला की तलाठी गाव नमुना ६ मध्ये (फेरफार नोंदवहीत) नोंद घेतात, हितसंबंधितांना नोटीस जाते, हरकतीला १५ दिवस असतात आणि मग मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात. 'आपली चावडी' या संकेतस्थळावर नोटीस निघाली का ते घरबसल्या दिसतं. हरलेला पक्ष बहुधा हरकत घेतो आणि प्रकरण तक्रारी नोंदवहीत जातं. तिथे घाबरायचं कारण नाही. "निकाल आम्हाला मान्य नाही" ही हरकत होऊ शकत नाही; महसूल अधिकारी दिवाणी कोर्टाच्या निकालावर अपील ऐकायला बसलेले नसतात. सुनावणीत एवढंच लेखी द्या. तरीही नोंद रद्द झाली, तर महसूल संहितेच्या कलम २४७ खाली प्रांतसाहेबांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील करा. त्याची मुदत ६० दिवस.

वाटपाच्या हुकमाचा लांबचा रस्ता

मावशींची अडचण इथली होती. हुकूमनाम्याने त्यांचा एक तृतीयांश हिस्सा ठरवला होता, पण शेतसारा लागणाऱ्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप कोर्ट स्वतः करत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे ते जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेला अधिकारी करतो. त्यासाठी कोर्टाकडून कागद जिल्हाधिकाऱ्यांकडे जावे लागतात, आणि मावशींच्या वतीने ते पाठवण्याचा अर्जच कोणी केलेला नव्हता. म्हणजे तहसीलदारांकडे करण्यासारखं काही आलंच नव्हतं. त्यांची चूक एवढीच की चौदा महिन्यांत ही गोष्ट कोणी मावशींना एका ओळीत लिहून दिली नाही. मावशींचा लेखी अर्ज असता तर लेखी उत्तर मागता आलं असतं.

वाट अशी आहे. कोर्टाकडून कागद जिल्हाधिकारी कार्यालयात, तिथून तहसीलला, तहसीलमधून मोजणीसाठी भूमी अभिलेखला. मोजणी फी पक्षकाराने भरायची. मोजणी झाली की वाटप तक्ता, त्यावर हरकती, मग जागेवर ताबा, ताबा पावती आणि पंचनामा, शेवटी कोर्टाला अहवाल. या प्रत्येक सांध्यावर फाइल महिनोन्महिने पडून राहते, म्हणून प्रत्येक ठिकाणचा जावक नंबर मिळवा. "कलेक्टर ऑफिसला पाठवलंय" या उत्तरावर समाधान मानू नका. कोणत्या तारखेला, कोणत्या नंबराने पाठवलं, ते विचारा आणि पुढच्या कचेरीत त्याच नंबराने चौकशी करा.

मोजणीची तारीख घेताना पीक पाहा. उभ्या उसात मोजणीदाराला समोरचा दगडही दिसत नाही, आणि उभ्या पिकावरून ताब्याच्या दिवशी हमखास वाद पेटतो. ऊस तुटून गेल्यावर किंवा ज्वारी काढून झाल्यावरची तारीख मागा आणि कारण अर्जात लिहा. बांधाला लागून असलेल्या सगळ्या शेतकऱ्यांना मोजणीची नोटीस मिळाली ना, याचीही खात्री करा; एकाची राहिली तरी तो पुढे सगळी मोजणी उखडायला निघतो.

हिस्से बदलण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा तहसीलदारांना नाही. कोर्टाने एक तृतीयांश म्हटलं तर एक तृतीयांशच. जमिनीचा कस, विहीर, रस्ता पाहून तुकडे सारख्या मोलाचे पाडणं हे त्यांचं काम. त्यात तुकडेबंदी कायदा आडवा येतो: सोलापुरात २०२३ पासून जिरायत २० गुंठे आणि बागायत १० गुंठे हे प्रमाणभूत क्षेत्र, म्हणजे तुकड्याची किमान मर्यादा, आहे. हिस्सा त्याखाली जात असेल तर त्याचा तोडगा वाटप तक्ता बनतानाच लेखी मांडा.

ताबा आणि मनाई

ताब्याच्या हुकूमनाम्यासाठी दरखास्त, म्हणजे हुकूमनामा अमलात आणण्याचा अर्ज, कोर्टात दाखल करावी लागते. मुदत १२ वर्षं आहे, पण १२ वर्षं थांबायची काही गरज नाही. बांधकाम पाडा, रस्ता मोकळा करा अशा आज्ञार्थी हुकमाला मात्र तीनच वर्षं आहेत; इथे अनेकांचं कायमचं नुकसान झालेलं आहे. कायमच्या मनाई हुकमाला मुदतीचं बंधन नाही. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितलं आहे. तारखा लांबत असतील तर वकिलांना या निकालाची आठवण करून द्या.

बेलीफ (कोर्टाचा कर्मचारी) ताबा द्यायला आल्यावर अडथळा होणार अशी भीती असेल, तर पोलीस बंदोबस्ताचा आदेश कोर्टाकडून आधीच घ्या. नुसत्या हुकूमनाम्यावर ठाणेदार "दिवाणी बाब आहे" म्हणतात. बंदोबस्ताचा आदेश असला की ते वाक्य संपतं.

दावा चालू असताना मिळालेला तात्पुरता मनाई हुकूम मोडला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २ अ खाली त्याच कोर्टात अर्ज करा. मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. दावा निकाली निघाल्यावरची मनाई मोडली, तर आदेश २१ नियम ३२ खाली दरखास्त. या दोन्हींत समोरचा पहिला बचाव "मला आदेश माहीतच नव्हता" हाच असतो. म्हणून मनाई मिळाल्याच्या दिवशीच तिची नक्कल तलाठी, तहसीलदार, दुय्यम निबंधक आणि पोलीस ठाणे या सगळ्यांना पोहोचवा.

सरकारच प्रतिवादी असेल, समजा भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याचा निकाल असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ प्रमाणे हुकूमनाम्यानंतर तीन महिने वाट पाहून मगच दरखास्त चालते. ते तीन महिने रिकामे घालवू नका. रकमेचा व्याजासह तक्ता करून भूसंपादन अधिकाऱ्यांना देऊन ठेवा.

तरीही हालत नसेल तर

आता सविस्तर पत्र द्या: आधीच्या अर्जांचे आवक नंबर, हुकमाची तारीख, काय करायचं राहिलं, आणि अमुक दिवसांत करावं किंवा न करण्याचं कारण लेखी कळवावं. महाराष्ट्रात २००५ चा बदल्यांचा आणि दिरंगाई रोखण्याचा कायदा आहे, ज्याला आपण दप्तर दिरंगाई कायदा म्हणतो. त्याच्या कलम १० प्रमाणे कोणतीही फाइल एका कर्मचाऱ्याकडे सर्वसाधारणपणे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये. पत्रात हे कलम लिहा.

सोबत माहिती अधिकाराचा अर्ज टाका. दहा रुपयांत, ३० दिवसांत, अर्जावर कोणी काय टिपणी लिहिली आणि फाइल आज कोणाकडे आहे, याच्या नकला मागा. "माझं काम का झालं नाही" असा प्रश्न माहिती अधिकारात विचारू नका, त्याला उत्तर मिळत नाही. टिपणीची नक्कल मागा. अनेकदा त्यातच खरं कारण सापडतं. लोकशाही दिनात मात्र फार आशा ठेवू नका. न्यायप्रविष्ट प्रकरणं तिथे घेत नाहीत आणि या सबबीखाली तुमचा अर्ज परत येण्याची शक्यता मोठी असते.

यानंतर उच्च न्यायालय. पूर्वी त्यासाठी रात्रीच्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसने मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आहे आणि सोलापूर जिल्हा त्याच्या कक्षेत आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट अर्ज करून अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावता येतं. पण कोर्ट आधी विचारतं: तुम्ही मागणी केली होती का, आणि ती नाकारली गेली का? इथे तुमच्या पोचा कामाला येतात. वकिलांना एक गोष्ट आवर्जून सांगा. विनंतीत "अर्जावर निर्णय घ्यावा" एवढंच नको, "हुकूमनाम्याप्रमाणे नोंद घ्यावी" असं स्पष्ट हवं. पहिल्या शब्दांवर अधिकारी "निर्णय" म्हणून अर्ज फेटाळू शकतो आणि आदेश पाळलाही जातो.

अवमान याचिका सगळ्यात शेवटी. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम १२ प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. दरखास्तीचा मार्ग मोकळा असताना अवमान हा शॉर्टकट म्हणून वापरलेला उच्च न्यायालयाला आवडत नाही. पण उच्च न्यायालयाने स्वतः मुदत घालून दिलेला आदेश पाळला गेला नाही, तर कचरू नका. कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षाची मुदत आहे. ती तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर लाल शाईने मांडा.

अवमान व्यक्तीच्या नावाने होतो. सर्वसाधारण बदल्या एप्रिल-मेमध्ये होतात. नवे साहेब खुर्चीवर बसले की "मी नवीन आहे, मला कल्पना नाही" हे ऐकायला मिळतं, आणि त्यांच्यापुरतं ते खरंही असतं. म्हणून जूनच्या पहिल्या आठवड्यात आदेशाची नक्कल नव्या अधिकाऱ्याच्या नावाने आणि पदाने पुन्हा द्या, पुन्हा पोच घ्या.

वकिलांच्या फीची अडचण असेल तर जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. महिला, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्ती आणि दिव्यांग यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. मावशींना हेही कोणी सांगितलेलं नव्हतं.

त्यांनी एक शंभर पानी वही केली. पहिल्या पानावर दाव्याचा नंबर, दुसऱ्या पानापासून तारीख, कचेरी, आवक नंबर, कोण भेटलं, काय म्हणाले. लिहायचं काम नातीकडे होतं. मोजणी यंदा ज्वारी निघाल्यावर झाली. परवा त्या वाटप तक्त्याची नक्कल घेऊन आल्या, तेव्हा मी विचारण्याआधीच त्यांनी वही उघडून बोट ठेवलं: "जावक नंबर लिवलाय बघा, आणि तारीखबी."